चादरीखालचा तिसरा शॉट

कपाटात टोप्या होत्या, हातकड्या होत्या, खोटे बिल्ले होते. पिस्तूल नव्हतं.

"तिसऱ्या शॉटच्या आधी मी डोळ्यांनी पाहिलंय!" चित्रपट स्टुडिओची सामानखोली सांभाळणारी सेराफिमा सविच्ना म्हणाली. तिचा आवाज चिरकला होता.

कर्नल अवेनिर लुकिच झ्वोनारेव दारातच थांबला. लेनिनग्राडच्या मिलिशियात, म्हणजे तिथल्या पोलिसांत, त्याचा दरारा होता, स्टुडिओत तिटकारा. पडद्यावरचा मिलिशियावाला नीट दिसावा म्हणून वरून त्याला सल्लागार नेमलं होतं. त्याने पटकथेतून आधी हिरोची दारू कापली, मग हिरोची घटस्फोटित बायको कापली, शेवटी हिरोच कापला. "या ल्यादोवचं तोंड चोराचं आहे," म्हणाला. त्यामुळे हिरो व्हायचा तो ल्यादोव आता त्याच चित्रपटात प्रेत होऊन झोपत होता.

पिस्तूल मात्र नकली नको, खरं हवं, हा हट्ट कर्नलचाच. खात्यातून आणलंही त्यानेच.

"किल्ली कुठे असते?"

"दाराच्या चौकटीवर. इथे सगळ्यांच्या तिथेच असतात."

"म्हणजे कुणीही काढावी."

"कुणी काढणार? शॉट चालू होता, सगळे सेटवर होते."

"तुम्ही नव्हता."

"मी दुसरी चादर आणायला धुलाईखान्यात गेले होते!"

"कुणी पाहिलं?"

तिने कपाटातल्या टोप्या पुन्हा उलटून पाहिल्या.

"मिलिशियाचा कॅप्टन निघालाय. तो येईपर्यंत पिस्तूल मिळालं नाही, तर तो तुम्हाला नेणार. सरकारी हत्यार आहे, बाई. कैदेतच म्हाताऱ्या व्हाल."

ती स्टुलावर बसली. पायाशी भुशाचा बाहुला पडला होता, उद्या छतावरून फेकायचा. तिने तो लाथेने सरकवला. "हा सकाळपासून सेटवर लोळत होता. जेवणाच्या सुट्टीत ल्यादोवने उचलून आणला. तेवढीच एकाला माणुसकी."

दिग्दर्शक ग्लेब कार्लोविच आत आला, मागे ल्यादोव. तिसरा शॉट संपताच सॉसेज आल्याची हाक ऐकून सगळं युनिट, कर्नलसकट, कॅन्टीनकडे पळालं होतं. दोघांच्या तोंडाला अजून मोहरीचा वास होता.

"काय कॉम्रेड कर्नल, तुमच्या नाकाखालून चोरी?" दिग्दर्शकाच्या डोळ्यांत दिवाळी होती. "आता तुमच्या खात्याने सल्ला कुणाकडून घ्यायचा?"

"तिसऱ्या शॉटला सेटवर कोण नव्हतं?"

"ही बाई. बाकी सगळे माझ्यासमोर."

"ल्यादोव?"

"चादरीखाली. पहिल्या दोन्ही शॉटना पोट हलत होतं, म्हणून मी ओरडलो. तिसऱ्यांदा दगडासारखा पडला. तुम्हीच म्हणालात, 'शेवटी शिकला.' मी स्वतः त्याच्या खांद्यावर थाप मारली."

कर्नलने मान हलवली. मग एकदम ल्यादोवकडे वळला. "पहिल्या दोन शॉटनंतर चादरीतून हात काढून बोटांत अंगठा खुपसून दाखवलास. तो शिवीसारखा अंगठा मला दाखवत होतास?"

दिग्दर्शक खो खो हसला. "अहो, तो मरणाला दाखवतात! पडद्यावर मेलेला नट 'कट' म्हटल्याबरोबर तसा अंगठा दाखवतो, नाहीतर मरण खरंच चिकटतं म्हणे. इथला एकही नट हे चुकवणार नाही. आई आजारी असली तरी नाही."

"एकही नाही?"

"एकही नाही!"

"मग तिसऱ्या शॉटनंतर हात का नाही आला?"

हसू तिथेच थिजलं. ल्यादोवने दिग्दर्शकाकडे पाहिलं.

"कारण चादरीखाली हा नव्हता," कर्नल म्हणाला. "दिवे हलवताना अंधार होता. हा बाहेर सटकला, जागेवर भुसा झोपला. भुसा श्वास घेत नाही. म्हणून मी शाबासकी दिली ती भुशाला. हा इथे आला, चौकटीवरची किल्ली काढली. आणि ग्लेब कार्लोविच, तुम्ही खांद्यावर थाप मारलीत. माणूस आणि पोतं तुमच्या हाताला वेगळं लागत नाही? तरी मला सांगितलंत, सगळे समोर होते."

तो वाकला आणि बाहुल्याचं पोट दाबत गेला. एका जागी बोट थांबलं. कापड फाटलं, भुसा सांडला, त्यातून काळं लोखंड निघालं.

"तुम्हाला घालवायचं होतं, एवढंच," ल्यादोव पुटपुटला. "तुमची बदली झाली की ते सापडणारच होतं."

"आणि तोवर ही बाई?"

दिग्दर्शक छताकडे बघत राहिला. सेराफिमा सविच्ना उठली आणि पहिल्यांदाच त्याच्या तोंडावर म्हणाली, "माझं नाव तरी माहीत आहे का तुम्हाला?"

कॅप्टन आला, दोघांना घेऊन गेला. कर्नलने पिस्तुलावरचा भुसा फुंकला, खिशात टाकलं. काहीतरी बोलायला हवं, असं त्यालाही वाटलं असावं.

"सेराफिमा सविच्ना, तुम्ही सुटलात. आता जाऊ शकता."

"मी कुठे जाऊ?" तिने कोपऱ्यातला झाडू उचलला. "ही खोली माझी आहे. तुम्ही निघा."