अंजनीची ओळ

मोरिवलीची वेणू उल्हासनगरच्या हॉस्पिटलात निघाली ती लेकीच्या सासरी निघाल्यासारखी: नवं लुगडं, केसांत अबोली, पिशवीत पानाचा डबा. विकासनं, तिच्या मुलानं, डबा काढून घ्यायला हात घातला तर त्याच्याच हातावर फटका बसला.

नातीची, जिज्ञासाची हळद तोंडावर आली होती आणि धवला, म्हणजे लग्नविधीची गाणी, गायला वेणूच हवी होती. आगऱ्यांच्या लग्नात धवलारणीचा मान मोठा. ती गाण्यातून देवांना बोलावते, मग घरच्या गेलेल्या माणसांना, एकेकाचं नाव घेऊन. आणि कार्य उरकलं की गाऊनच त्यांची पाठवणी करते. एकीनं ओळ म्हणायची, दुसरीनं ती झेलायची, म्हणजे मागून तशीच म्हणायची.

वेणूची ओळ आयुष्यभर तिच्या जोडीदारणीनं, अंजनीनं झेलली; पान चघळत, घोगऱ्या आवाजात. ती गेल्या वर्षी वारली. तेव्हापासून ओळ म्हणून वेणू थांबली, की त्या रिकाम्या जागेत तिचं काळीज उधळायचं. दोन मांडवांत ती चक्कर येऊन आडवीच झाली. डॉक्टर हर्षदा म्हणाल्या, हृदयातला एक ठिपका भलतेच ठोके पाडतोय. मांडीच्या शिरेतून बारीक नळी नेऊन तो जाळू, नाहीतर गाणं बंद.

"जाला मग," वेणू म्हणाली. "पन झोपवू नका. मना बघायचाय."

टेबलावर ती टक्क जागी होती. खोली गारठलेली, स्पिरिटचा वास, कुठेतरी यंत्राचं टिक... टिक. डॉक्टरांनी नळीतून हृदयाला डिवचलं, पुन्हा डिवचलं. पण ते द्वाड ठोके काही येईनात. आणि ते आल्याशिवाय ठिपका सापडायचा कसा?

"मावशी, त्रास नेमका कधी होतो?"

"धवला बोलताना."

"मग बोला की! इथंच."

वेणूला तेवढंच हवं होतं. तिनं अंबरनाथाच्या महादेवाला बोलावलं, गावदेवीला बोलावलं, आणि सवयीनं गेलेल्यांकडे वळली.

"अंजनीबाय, हलदीला या हो..."

ती थांबली. स्पिरिटच्या वासात कात-चुन्याचा वास मिसळला. मग तिच्या उशाशी, अगदी कानाजवळ, एक घोगरा आवाज हळूच म्हणाला... "हलदीला या हो..."

वेणूचं काळीज उधळलं.

"आलं! सापडलं!" डॉक्टर ओरडल्या. छातीत काहीतरी कढत झालं, आणि पडद्यावरची रेघ शहाण्या मुलीसारखी एका लयीत चालू लागली. सगळ्यांना हायसं वाटलं.

"सिस्टर, छान साथ दिलीत हं," डॉक्टर हसत म्हणाल्या.

सिस्टर उल्हासनगर कॅम्पातली सिंधी पोर. ती भिंतीला टेकली होती. "मॅडम... मैं तो चुप थी."

हळद मात्र दणक्यात झाली. वेणूनं संध्याकाळभर धवला गायला, ना चक्कर ना घाम. तिची प्रत्येक ओळ मागून कुणीतरी झेलत होतं. पाहुणे म्हणाले, स्पीकरवाल्यानं एको मस्त लावलाय. एको लावलाच नव्हता; स्पीकरवाला वायरी गुंडाळून जेवायलाही न थांबता गेला.

लग्नानंतर वेणू तपासणीला गेली, डॉक्टरांसाठी लाडू घेऊन. ईसीजी झकास आला. डॉक्टरांनी तिचा उजवा हात हातात घेतला. नाडी संथ, नीटस. मग सहज डावा घेतला, आणि त्यांचं हसू मावळलं. त्यांनी दोन्ही मनगटं एकदम धरली. उजवीकडे ठोका पडत होता. डावीकडे तो जरा थांबून, मागाहून पडत होता.

"मावशी... हे काय आहे?"

"अंजनी हाय ती." वेणूनं मजेत पान जुळवलं. "मीच बोलवली ना तिला, तुमच्या टेबलावर."

"मग ती पाठवणी का काय म्हणता... ती केली नाही?"

"केली की, बाय. दोनदा केली." वेणूनं जुळवलेलं पान परत डब्यात ठेवलं. "पन ओळ झेलल्याबिगर पाठवनी व्हत नाय. बाकी सगला झेलते ती... तेवढी एक ओळ झेलत नाय."