फोकस कोण फिरवतंय?

पटलं तर घ्या. पण हे माझ्या मावसबहिणीच्या बाबतीत खरंच घडलंय, आणि ताई थापा मारणाऱ्यातली नाही. ती थापा पकडणारी आहे.

भाऊजी एक प्रायोगिक शॉर्टफिल्म करत होते. बंद खोलीत एकटाच राहणारा, एका खुर्चीनं झपाटलेला माणूस. अभिनय त्यांचा, कॅमेराही त्यांचाच. गोदामावरची एक खोली भाड्यानं घेतलेली. घरी फक्त झोपायला यायचे.

एडिटिंग ताईकडे होतं. एका रात्री तिनं पहिला शॉट लावला. भाऊजी खिडकीपासून चालत कॅमेऱ्याजवळ येतात.

चेहरा शेवटपर्यंत स्वच्छ...

ती दचकली. लेन्स जुनी, हातानं फिरवायची. माणूस जवळ आला की कुणाला तरी फोकसची रिंग फिरवावीच लागते. नाहीतर चेहरा धूसर होतो.

"अहो, फोकस कोणी केला?"

"कोणी म्हणजे? मी एकटाच तर असतो."

"समोरही तुम्ही आणि मागेही तुम्हीच?"

भाऊजी पांघरूण ओढून झोपले.

ताईच्या मनात शंकेची पाल चुकचुकली. बाई असणार. दुसरं काय? नवरा हातचा जातोय, या धास्तीनं तिचा डोळा लागला नाही.

दुसऱ्या दिवशी भर दुपारी ती न सांगता तिथे गेली. हळूच दार ढकललं.

चपलांचा एकच जोड. चहाचा एकच कप.

भाऊजी दाराकडे पाठ करून खुर्चीत बसलेले. समोर कॅमेरा.

कॅमेऱ्यामागे कुणीच नाही.

ताई हुश्श करणार, तोच...

रिंग फिरली.

आपोआप. बारीक करकर करत.

आणि थांबली.

कॅमेऱ्याचा छोटा स्क्रीन त्यांच्याकडेच वळवलेला होता. त्यात भाऊजींचा चेहरा पुसट झाला होता. मागे दारात उभी असलेली ताई मात्र... पापणीचा केसन् केस मोजता येईल इतकी स्पष्ट.

"घरी चला. आत्ताच्या आत्ता!" तिनं त्यांचा दंड धरला.

भाऊजी घाबरले नव्हते. त्यांनी तिच्याकडे वळून पाहिलं. रात्री ती त्यांच्याकडे संशयानं पाहत होती ना, अगदी तसंच.

"महिनाभर त्याची नजर माझ्यावरून हलली नव्हती," ते म्हणाले. "तू काय केलंस?"

ताई सध्या माहेरी आहे. भाऊजींचा रोज फोन येतो. घरी ये म्हणतील, या आशेनं ती उचलते. ते एवढंच विचारतात, "तो तुझ्याकडे आलाय का?"

ताई नाही म्हणते.

काल मी शेजारीच बसलो होतो. नाही म्हणायच्या आधी ती जरा थांबली.