शेजारची खाट

उन्हाळ्याच्या अखेरीस, एका मंगळवारी भर दुपारी, सार्वजनिक रुग्णालयाच्या अतिदक्षता विभागात, खिडकीकडील खाटेवर माझ्या मावशीला आणले गेले. मूत्रमार्गातला जंतुसंसर्ग रक्तात पसरला होता आणि रक्तदाब तळाला गेला होता. आईच्या पश्चात मला वाढवले ते तिने. आता तिला वाचवणे माझ्या हाती होते, कारण त्या दिवशी विभागाचा डॉक्टर मीच होतो.

प्रतिजैविक सुरू झाले. वाद उरला सलाइनचा. भूलतज्ज्ञाचे मत असे, की हाताशी असलेले साधे मिठाचे सलाइन द्यावे. मी रक्ताशी मिळत्याजुळत्या क्षारांच्या द्रवाचा आग्रह धरला. नुसत्या मिठाचा अतिरेक मूत्रपिंडांना मानवत नाही. पुरावे मांडत मी बोलतच राहिलो, तेव्हा थोरल्या सिस्टर म्हणाल्या, "डॉक्टर, दोघांचं भांडण नि तिसऱ्याचा लाभ व्हायचा. कुठली बाटली लावू, तेवढं सांगा."

मी माझी लावायला सांगितली.

ती संपली, पुढचीही संपली. रक्तदाब हलला नाही. लघवी नाही, पायांना सूज नाही, फुप्फुसांत पाणी नाही. ओठ कोरडे ठणठणीत. शरीरात गेलेला द्रव कोठेतरी दिसलाच पाहिजे. मी नळी तपासली, सुई तपासली, चादर चाचपली. थेंबभरही ओल नव्हती.

मावशी शेजारच्या खाटेकडे टक लावून होती. ती खाट रिकामी होती. सहज हात टेकला, तर गादी कोमट लागली. अंगठ्याने दाबून पाहिले. खळगा तसाच राहिला आणि मग, सुजलेल्या पायावर भरतो तसा, सावकाश भरून आला.

एक परीक्षा उरली होती. रुग्णाचे पाय उचलून धरले की त्यांतले रक्त हृदयाकडे येते. रक्तदाब वाढला तर द्रव आणखी द्यावा, न वाढला तर थांबावे. सिस्टरांनी मावशीचे पाय उचलले. तिचा आकडा जागचा हलला नाही.

शेजारच्या खाटेचा मॉनिटर उजळला. त्याच्या तारा हुकाला गुंडाळलेल्या होत्या; त्या मी हाताने चाचपून पाहिल्या. पडद्यावर रक्तदाब चढत होता.

सिस्टरांनी पाय खाली ठेवले. शेजारच्या पडद्यावरचा आकडा उतरला.

सलाइन बंद करून रक्तदाब वाढवणारे औषध लावण्यास मी सांगितले.

मावशीने माझे मनगट धरले. "नको रे. त्याची तहान अजून भागली नाही."

सिस्टरांचा हात नळीपर्यंत जाऊन मागे आला. नळीची चकती मीच फिरवली.

थेंब थांबले.

शेजारची गादी करकरली. मग हळूहळू खचत गेली.

दिवस कलता मावशीचा रक्तदाब सावरला, लघवी झाली. फेरीला विभागप्रमुख आले. त्यांना कोणी काही सांगितले नव्हते. ते आधी शेजारच्या खाटेपाशी गेले, वाकले, आणि मनगट असावे तिथे दोन बोटे टेकवून बराच वेळ थांबले. नंतर त्यांनी चादर वर ओढून उशी झाकली.

"तुमच्या मावशी वाचतील," ते मला म्हणाले. "हा गेला."