बंद विहिरीची तडजोड

पट्टेवाल्यानं पुकारा केला. छबुबाईनं मान वर केली.

दुसऱ्याच कुणाचा दावा होता.

कोर्टाच्या व्हरांड्यात ती पदराखाली एक ओढणी घट्ट धरून बसली होती. तिच्या गरोदर लेकीची, केशरची. काल अंगणात वाळत घातलेली ही ओढणी सकाळी विहिरीच्या रहाटाला फासासारखी लटकत होती.

विहीर दिराशी सामाईक, रानात लांब. चार वर्षं दावा, आणि कोर्टाच्या मनाईनं विहिरीवरच्या जाळीला कुलूप. आज तडजोडीवर दोघांच्या सह्या झाल्या की हुकूमनामा होणार, कुलूप निघणार.

"सही करू नको, असंच सांगतंय कुनीतरी," ती पुटपुटली. "पोरीला काय झालं तर?"

तिनंच बोलावलेला, खासगी तपास करणारा सत्तार समोर उकिडवा बसला. सकाळीच तो जाळीतून विहिरीत वाकून पाहून आला होता. पाणी तळाला, पण त्याच्या वर पुरुषभर भिंत ओलीगच्च. मग छबुबाईनं त्याला जेवू घातलं होतं. डाळ कच्चीच. टँकरच्या पाण्यात शिजतच नव्हती. पूर्वी विहिरीच्या पाण्याचंही हेच, असं तीच म्हणाली होती. सासूबाई सोडा टाकायच्या.

सत्तारचा जोडीदार आश्रुबा मात्र निकाल लावून मोकळा. "दीरच, बे! दुसरं कोन?"

दीर धोंडीराम खांबाला टेकून होता. तो उसळला. "माझ्या मोसंबीचं सरपन झालं. मला पानी पायजे. मी कावून आडवा येऊ?"

पुकारा. पुन्हा दुसऱ्याचा.

आप्पाराव आले. पाणीपुरवठा सहकारी संस्थेचे चेअरमन. दुष्काळात गावाला टँकर त्यांचाच. तडजोड जुळवली त्यांनी, छबुबाईला आणलंही त्यांच्याच जीपमधून.

"वैनी, लई भ्या वाटत आसंल तर पुढची तारीख घ्या. घाई न्हाई."

"टँकर कुठून भरता, आप्पाराव?" सत्तारनं सहज विचारलं.

"धरनातून. गोडं पानी."

"गोड्या पाण्यात डाळ शिजते. तुमच्या टँकरच्या पाण्यात शिजत नाही. या बंद विहिरीच्या पाण्यातही शिजत नव्हती."

आप्पाराव हसले. "डाळीवरून खटला चालवतो का, बे?"

"दुष्काळात पाणी हळूहळू खाली जातं. वरची भिंत वाळत जाते. पुरुषभर भिंत ओली राहते ती एकदम उपसा झाल्यावर. धोंडीरामनं उपसलं असतं तर मोसंबी जळाली नसती. पाणी टँकरमध्ये गेलं. तडजोड जुळवून तुम्ही गावात मोठे झालात. ती उघडपणे मोडता येईना, म्हणून ही ओढणी टांगली. कुलूप निघालं, की तुमचा टँकर कोरडा."



आप्पारावांचं हसू तसंच होतं. ते छबुबाईच्या कानाशी वाकले. "केशर घरी एकलीच हाय न्हवं?"

ती घरी निघायला उठली.

"एकली न्हाई," धोंडीराम म्हणाला. "आमची मुक्ता बसलीय तिच्यापाशी. भावांना घेऊन."

जाऊबाई? चार वर्षं जिनं तिचा उंबरा ओलांडला नव्हता?

पुकारा. छबुबाईचं नाव.

ती आत गेली. न्यायाधीशांनी नेहमीचं विचारलं, "तडजोड राजीखुशीनं करताय ना? कुणाचा दबाव?"

"न्हाई म्हना," तिचे वकील कुजबुजले.

"हाय, साहेब," ती म्हणाली. "सही करू नये म्हनून हाय. दाबनारा त्यो आप्पाराव मागं उभाय. आता कागद द्या हिकडं."