दिवा न दिसणारं घर

जाळीचं दार खडकन आपटलं.

मेरिडी दचकली. दुपारची वेळ, लेक टिली झोपलेली, वाऱ्याचा मागमूस नाही... मग दार कुणी उघडलं? क्वॉर्न गावापासून इथवर नुसती धूळ खात यावं लागे. वाट चुकूनही कुणी येत नसे.

"माफ करा हं." दारात एक उंच माणूस, हॅट छातीशी धरलेली. "मी फर्गस. सिनेमासाठी जागा शोधतो. भयपट आहे, आणि तुमचं घर—"

"भुताटकीचं वाटलं?"

"...लांबून."

"फाटक उघडं होतं ना?"

"हो, पण मी नीट लावून घेतलं की!" तो अभिमानाने म्हणाला.

"देवा रे!" ती बूट चढवत धावलीच. "फाटक जसं दिसेल तसंच ठेवायचं, हे इथल्या शेंबड्या पोरालाही कळतं! मेंढ्या पाण्यावर यायच्यात माझ्या!"

मेंढ्या फाटकाला खेटून बें-बें करत होत्या. फर्गसने कडी काढली मात्र, अख्खा कळप त्याला लोटून आत घुसला. धूळ खाली बसली तेव्हा साहेब एका झुडपात फतकल मारून बसलेले! मेरिडी हसली... हसतच सुटली. स्वतःचाच आवाज तिला परका वाटला. नवरा खाणीवर गेला तो तिकडचाच झाला. तेव्हापासून या घरात मोठं माणूस हसलंच नव्हतं.

मग फर्गस येतच राहिला. "उजेड बघायचाय," म्हणायचा. कधी सकाळचा, कधी कलत्या उन्हाचा. येताना टिलीसाठी पीच आणायचा, आणि व्हरांड्यात उभा राहून हात वर करायचा— "आता अगदी गप्प!" गाडी, विमान, पंप, कशाचा आवाज येतो का ते तो ऐकायचा. ती श्वास रोखून त्याच्याकडे बघायची. त्याच्या कानामागे धुळीची बारीक रेघ असायची...

"काय ऐकू आलं?"

"काही नाही. म्हणजे... तुझ्या कपातला चमचा."

"मग सांग तुझ्या सिनेमावाल्यांना, चमच्याचं भूत आहे म्हणून!"

एका संध्याकाळी तिने विचारलंच, "हेच घर का रे?"

"खरं सांगू? इथून चारही दिशांना एकही दिवा दिसत नाही. कुणी किंचाळलं तर कुणाला ऐकू जाणार नाही."

"नाहीच जात," चहा ढवळत ती म्हणाली. "मी ओरडून पाहिलंय."

फर्गसने हातातला कप खाली ठेवला.

"सिनेमावाल्यांना घर पसंत पडलंय," तो म्हणाला. "तू हो म्हणालीस तर भिंती काळ्या करतील, टिलीच्या खिडकीला फळ्या ठोकतील. मी तीन महिने इथेच असेन."

"आणि नाही म्हणाले तर?"

"दुसरं घर शोधायचं. पार पश्चिमेला."

तीन महिने! रोज संध्याकाळी समोर दुसरा कप... 'हो' अगदी ओठांवर आलं होतं. पण टिलीच्या खिडकीकडे तिची नजर गेली. काचेवर पोरीच्या चिकट बोटांचे ठसे होते.

"नाही, फर्गस. माझं एकटेपण आहे हे. त्याला भूत म्हणून नाचवायचं नाही."

त्याने सुस्कारा सोडला. "बरं झालं."

"त्यात काय बरं?"

"मी रिकामं घर शोधत होतो गं. पहिल्याच दिवशी तू हसलीस, आणि माझं काम बिघडलं. नुसता उजेड बघायला इतक्यांदा कोण येतं, मेरिडी?"

तिची मान वर होईना. "मग... सिनेमा नसतानाही ये."

"येऊ?"

"कुणी अडवलंय?"

कपावरच्या तिच्या बोटांना त्याने हलकेच स्पर्श केला. "नक्की येईन," म्हणाला, आणि निघाला. गाडी दिसेनाशी झाली तरी वाटेवर धूळ तरंगत होती. मेरिडी तिथेच उभी— बोटं मुठीत मिटून.

पायरीवर बसलेल्या टिलीने गुडघ्यांवरची हनुवटी उचलली.

"आई, तो खरंच येईल? की बाबासारखंच नुसतं म्हणाला?"