थेंबांची रांग

डोळे तपासण्याआधी डॉक्टर जे थेंब घालायला सांगतात ना, त्यांची एक गंमत असते. थोड्या वेळाने जवळचं दिसेनासं होतं. हातातला कागद धूसर, मोबाइल धूसर, अगदी शेजारच्या माणसाचा चेहरासुद्धा धूसर. लांबचं मात्र बऱ्यापैकी दिसत राहतं.

हे तिला पुरतं ठाऊक होतं. डोळ्यांच्या त्या दवाखान्यात ती कितीतरी आठवडे रोज सकाळी येत होती. आजारी म्हणून नव्हे. मोठ्या हॉलच्या टोकाला एक खांब होता, त्याला टेकून बसायची आणि माणसं बघायची. तोच तिचा अभ्यास होता.

त्या दिवशी सिस्टरांनी तिला गाठलं.

"रोज येतेस, रोज डोळे चोळत जातेस. आज डॉक्टरांना जरा सवड आहे. बस इथे. मान वर."

"सिस्टर, पण माझं काम..."

"कामाला डोळे लागतात ना? मग मान वर!"

टप. टप. गार थेंब पडले, डोळे झोंबले, आणि हातात कापसाचा बोळा देऊन सिस्टरांनी तिला खिडकीखालच्या बाकावर नेऊन बसवलं. या बाकाला सगळे थेंबांची रांग म्हणत. आजवर तिने ही रांग फक्त लांबून पाहिली होती.

हळूहळू तिचे स्वतःचे हात धूसर झाले. खिडकीतलं ऊन टोचायला लागलं. तेवढ्यात शेजारून आवाज आला–

"इथे बसू का? नाही म्हणालात तरी चालेल. आणि बसल्यावर नको वाटलं, तर कधीही उठा म्हणा. मी उठेन. कारण विचारणार नाही."

तिला हसू आलं. "बाकावर बसायला एवढी प्रस्तावना?"

"सवय आहे."

"बसा मग."

तो बसला. तिने वळून पाहिलं, तर नुसतीच एक तपकिरी आकृती. चष्मा असावा बहुतेक. धुतलेल्या कपड्यांचा साबणाचा वास मात्र अगदी स्पष्ट.

"तुम्ही खांबापाशी बसता ना?" तो म्हणाला. "हातात काहीतरी असतं आणि तुम्ही टिकटिक करत असता. आज इकडे कशा?"

"सिस्टरांनी पकडून आणलं." आणि मग तिच्या लक्षात आलं. तपकिरी शर्ट, चष्मा, या रांगेतला रोजचा माणूस! "अच्छा... तुम्ही ते होय! तुम्ही रोज कुणाला घेऊन येता हो?"

"कुणालाच नाही."

"म्हणजे? तुम्ही कुणाचे नातेवाईक नाही?"

"आईचा आहे, बहिणीचा आहे. पण त्यांचे डोळे उत्तम आहेत." तो हसत होता, हे आवाजावरून कळत होतं. "मी संशोधन करतो. माणसं वाट कशी बघतात, हा माझा विषय. प्रत्येकाला आधी सांगतो, परवानगी घेतो आणि गप्पा मारतो. थेंब टाकलेली माणसं फार छान बोलतात. बिचाऱ्यांना दुसरं करता तरी काय येतं? म्हणून मी याच रांगेत बसतो."

डोळ्याकडे नेलेला कापूस तिने तसाच हातात धरला.

"काय झालं? झोंबतंय का?"

"तुम्ही... रोज... याच रांगेत?"

"हो."

"आणि बोलायला सुरुवात कोण करतं?"

"मीच. का हो?"

"अहो, तुम्ही माझा सगळा अभ्यास बुडवलात!"

हे ती इतक्या जोरात म्हणाली की पलीकडच्या आजींनी बंद डोळ्यांनीच विचारलं, "काय गं? कोण बुडालं?"

आता तिचं काय बुडालं, ते नीट सांगायला हवं. अनोळखी माणसं एकमेकांशी केव्हा बोलतात, हे तिला शोधायचं होतं. तिचा अंदाज असा होता: डोळ्यांत थेंब पडले की मोबाइल बघता येत नाही, वाचता येत नाही, म्हणून माणूस शेजाऱ्याशी बोलायला लागतो. अशा अंदाजाला गृहीतक म्हणतात. ते खरं की खोटं, हे तपासायला ती खांबापाशी बसे आणि कुणी अनोळखी माणसाशी बोललं की हातातलं मोजायचं छोटं यंत्र दाबे. टिक. थेंबांच्या रांगेत नेहमीच जास्त टिक होत. ती खूश होती. पण ती बसायची लांब, आपला कुणावर परिणाम होऊ नये म्हणून. तिथून बोलणं दिसायचं, ऐकू यायचं नाही. त्या तपकिरी शर्टाची नोंद तिने 'नातेवाईक, कुणाचा ते माहीत नाही' अशी करून टाकली होती. मग रांग बोलत होती ती थेंबांमुळे, की या माणसामुळे? आता कसं सांगणार? आणि प्रबंधाचं सादरीकरण तर पुढच्याच महिन्यात. मार्गदर्शक बाईंसमोर, परीक्षकांसमोर. ते फसलं तर सगळं पहिल्यापासून.

तपासणी झाल्यावर तो तिला दवाखान्याच्या कॅन्टीनमध्ये घेऊन गेला. म्हणजे खरंच घेऊन गेला, कारण पायऱ्या तिला नीट दिसत नव्हत्या. "हात देऊ का? नाही म्हणालात तरी–" "चालेल, कळलं! द्या हात."

चहाचा कप तिने चाचपडत उचलला.

"तुम्ही नसतात तर इथे काय घडलं असतं, तेच मला हवं होतं," ती म्हणाली. "खरं काय आहे ते. कुणी ढवळाढवळ न करता."

"मी नसतो तर हॉल वेगळा असता, हे कबूल. पण तुम्ही नसतात, तरी वेगळाच असता."

"मी? मी तर कुणाशी एक शब्द बोलत नाही!"

"म्हणूनच! तुम्हाला काय वाटतं, खांबाजवळची माणसं एवढी शिस्तीत का बसतात? त्यांना वाटतं, तुम्ही तपासनीस आहात. रांग मोडणाऱ्यांची मोजणी करता. मागे एका काकांनी मला हळूच सांगितलं, तिकडे बसू नका, ती बाई टिक करते."

ती आधी चिडली. मग तिला काकांचा तो गंभीर चेहरा डोळ्यांसमोर आला आणि चहा सांडेपर्यंत ती हसली.

"पण मग मोजायचंच नाही का कशाला?" हसू थांबल्यावर तिने विचारलं. "तुम्ही गप्पा मारता, गोष्टी गोळा करता. पंधरा माणसं गोड बोलली, म्हणून सगळं जग तसंच आहे असं थोडंच होतं?"

"नाही होत," तो लगेच म्हणाला. "ते माझं दुखणं आहे. किती जणांचं असं होतं, हे मला कधीच सांगता येत नाही. आणि असं का होतं, हे तुम्हाला सांगता येत नाही."

मला विचाराल तर दोघंही बरोबर होते. घराची लांबी-रुंदी मोजली म्हणजे घर कळत नाही, आणि घरात राहिलेल्यांच्या आठवणी ऐकून दाराची मापं कळत नाहीत. सुताराला एक लागतं, सुनेला दुसरं. पण त्या कॅन्टीनमध्ये हे त्यांना सांगायला कुणी नव्हतं, आणि एका अर्थी ते बरंच झालं. भांडायला विषय होता, म्हणून रोज भेटायला कारण होतं. रोजचं काम उरकलं की हॉलमधून निघताना पाय कॅन्टीनकडेच वळत. तो तिला म्हणे, "काय तपासनीस, आज किती टिक?" ती त्याला 'बोलक्या' म्हणे.

घरी आईच्या नजरेतून काही सुटलं नाही. "आजकाल हसत घरी येतेस. लोकांची बोलणी मोजतेस आणि माझं एक ऐकत नाहीस, ते वेगळंच. पण हसतेस."

"अभ्यास चांगला चाललाय, आई."

"हो का? बरं."

खरं तर अभ्यास अडला होता. शेवटी तिनेच मार्ग काढला. "तुम्ही पंधरा दिवस येऊ नका," तिने त्याला सांगितलं. "तुम्ही नसताना थेंबांची रांग बोलते का, ते मी बघते. म्हणजे कळेलच, थेंबांमुळे की तुमच्यामुळे."

त्याने चहाचा कप खाली ठेवला. "आणि माझं काम?"

"तुमचं काम म्हणजे वाट बघणं. घरी बसून बघा!"

ती हे थट्टेत म्हणाली. तो हसला... पण जरा उशिरा.

तो आला नाही. ती खांबापाशी बसली, यंत्र हातात घेऊन. पहिल्या दिवशी खिडकीखालची जागा रिकामी दिसली आणि तिला वाटलं, आता शांतपणे काम होईल. दुसऱ्या दिवशी हॉलचं दार करकरलं तशी तिची मान वळली. मग ती वळतच राहिली. कॅन्टीनमधला चहा एकदम पाणचट लागायला लागला.

आकडे मात्र सुरेख आले. तो नसतानाही थेंबांची रांग इतरांपेक्षा जास्त बोलत होती! म्हणजे तिचं म्हणणं खरं ठरलं. सादरीकरण वाचलं. तिने आनंदाने उड्या मारायला हव्या होत्या.

त्याऐवजी एक दिवस ती खांब सोडून खिडकीखाली जाऊन बसली. का, ते तिलाही सांगता आलं नसतं. शेजारी त्याच आजी होत्या, पुन्हा तपासणीला आलेल्या, डोळ्यांवर कापूस धरून.

"कोण? टिकटिकवाली का?"

"हो, आजी. इथे बसू का? नाही म्हणालात तरी चालेल."

"अगंबाई, तूही त्याच्यासारखंच बोलायला लागलीस!" आजी खुदकन हसल्या. "कुठे गेलाय गं तो? आम्हा नेहमी येणाऱ्या सगळ्यांचं तेच चाललंय इथे. तो आला का, बरा आहे ना, कुणाला काही सांगून गेला का..."

तिने हातातलं यंत्र मांडीवर ठेवलं. एवढे दिवस तिने टिक, टिक करत जे मोजलं होतं, ते हे होतं? तो नव्हता, तरी बोलणं त्याच्याबद्दलच होतं!

"आणि तू गं?" आजींनी विचारलं. "तूही सारखी दाराकडेच बघत असतेस की."

"मी? नाही... तुम्हाला कुठे दिसतंय, आजी? डोळ्यांत थेंब आहेत तुमच्या."

"लांबचं दिसतं मला," आजी म्हणाल्या.

सादरीकरणाचा दिवस उजाडला. खोली लहान, पंखा मोठ्या आवाजाचा. पुढे तिच्या मार्गदर्शक बाई, शेजारी भुवया उंचावून बसलेले परीक्षक, मागे विद्यार्थी. सर्वांत मागच्या रांगेत एक तपकिरी शर्ट. तारीख त्याने लक्षात ठेवली होती तर!

सुरेख आकड्यांचा तक्ता पडद्यावर होता. एवढाच दाखवून खाली बसली असती, तर टाळ्या मिळाल्या असत्या. तिने पडद्याकडे पाठ केली.

"हे आकडे चांगले दिसतात," ती म्हणाली, "पण माझा यांच्यावर विश्वास नाही."

आणि तिने सगळं सांगितलं. लांबून बोलणं ऐकू येत नव्हतं ते, तिला लोक तपासनीस समजत होते ते, रांग कुणाबद्दल बोलत होती ते. "डोळ्यांत थेंब पडले की माणसाला बोलायला सवड मिळते, एवढंच मी म्हणू शकते. पण सवड मिळणं म्हणजे बोलणं नव्हे. कुणीतरी शेजारी येऊन बसावं लागतं. ते माणूस मला मोजणीतून वगळता येत नाही. मी स्वतःलाही वगळू शकत नाही. शिवाय त्या पंधरवड्यात माझ्या बऱ्याच नोंदी हुकल्या असणार."

"हुकल्या? का?" परीक्षकांनी विचारलं.

"मी दाराकडे बघत होते."

"कशासाठी?"

पंखा घरघरत होता. ती मागच्या रांगेकडे बघायचं टाळत होती.

"तो येतो का... ते बघायला."

मुलं हसली. परीक्षकांच्या भुवया खाली आल्या, आणि ओठांच्या कोपऱ्यात काहीतरी हललं. बाईंनी चष्मा काढून पुसला.

"पंधरवड्याचे आकडे पुन्हा घ्यावे लागतील," बाई म्हणाल्या. "या वेळी खांबापाशी बसून नाही. पण अभ्यास उभा राहतोय. आज पहिल्यांदा उभा राहतोय. आणि हे दाराचं... हे प्रबंधात लिहिणार आहेस?"

"हो, बाई. संशोधकाचा स्वतःचा परिणाम किती झाला, ते सांगतो ना, त्या भागात."

"लिही. मात्र आधी त्या माणसाची परवानगी घे."

बाहेर व्हरांड्यात एक बाक होता. ती तिथे जाऊन बसली. मागून पावलं आली आणि थांबली.

"इथे बसू का? नाही म्हणालात तरी चालेल. आणि बसल्यावर नको वाटलं–"

"पहिलं वाक्य पुरे," ती म्हणाली. "बस."

त्या एका 'बस'ने तो क्षणभर उभाच राहिला. मग बसला, जरा जवळ. आज तिच्या डोळ्यांत थेंब नव्हते. चष्म्यामागचे त्याचे डोळे तपकिरी होते, शर्टासारखेच, आणि नीट झोप न झालेले. इतके दिवस आपण हे पाहिलंच नव्हतं, असं तिला वाटलं.

"पंधरा दिवस घरी बसून काम केलं मी," तो म्हणाला. "तुझं ऐकून. वाट बघणं म्हणजे काय, ते आता कळलं. आधीचं सगळं नुसतं ऐकीव होतं."

तिने बाकावरचा त्याचा हात पाहिला, आणि त्यावर आपला ठेवला. त्याने परवानगी मागितली नाही, तिनेही नाही.

"तुझी परवानगी हवी आहे," थोड्या वेळाने ती म्हणाली. "बाईंनी सांगितलंय. मी दाराकडे कुणासाठी बघत होते, ते लिहायचंय."

"काय लिहिणार? तपकिरी शर्टवाला?"

"छे. माझ्याकडे तुझी नोंद आधीपासून आहे. नातेवाईक, कुणाचा ते माहीत नाही."

"ती तर चुकीची आहे ना? खोडून टाक."

"नाही," ती म्हणाली. "अर्धीच खोडायची आहे. 'नातेवाईक' तसंच ठेवते... कुणाचा, ते आता माहीत आहे."