मल्लप्पाच्या हातची कणिक

पखवाजाच्या डाव्या तोंडाला ओली कणिक थापतात, हे ठाऊक असेल तुम्हाला. वाजवून झालं की ती खरडून काढायची, नाहीतर नासते. खटकचिंचोळीच्या मंजुनाथला हे लहानपणापासून माहीत. पण त्या दिवशी गडी घाईत होता. कलबुर्गीत शैलश्रीचं गाणं, आणि ह्याच्या पखवाजाचं चामडं ऐन वेळी फाटलेलं. ती म्हणाली होती, "आज नीट साथ केलास तर अप्पांना आपलं सांगते." एकोणीस वर्षांच्या पोराला आणखी काय हवं?

म्हणून त्यानं मल्लप्पाचा पखवाज मागून आणला. मल्लप्पा दोन महिन्यांमागं वाजवता वाजवताच मेला. माणूस मोठा हलकट! ताल शिकवतो म्हणत पोरींचे हात धरायचा. त्याच्या बायकोनं, नागम्मानं, पखवाज दाराबाहेरच ठेवला.

"त्यांच्या हातची कणिक हाय तशीच. आधी खरडून काढ, बाबा."

गावातून थेट कार्यक्रमाला पोचून त्यानं गवसणी काढली आणि... शी! दोन महिन्यांत वाळून खडखडीत व्हायची ती कणिक ओलीच होती. काळी, बुळबुळीत, आत पांढरे किडे वळवळायलेत, मेलेल्या उंदराचा वास. बोट लावायची किळस आली, वरून शैलश्री स्टेजवर जाऊन बसलेली. नाक दाबून त्यानं ताजी कणिक वरनंच थापली.

गाणं मात्र असं रंगलं की माणसं डोलायला लागली. डाव्या थापेखालून काहीतरी मऊ उलट दाबतंय, हे फक्त त्यालाच कळत होतं.

रात्री दोघं तलावाकाठून चालत निघाले. तीनदा साबण लावूनही वास जाईना, म्हणून त्यानं दोन्ही हात पँटीच्या खिशात कोंबले होते. ती त्याच्या उजव्या अंगानं चालत होती.

"उद्याच सांगते अप्पांना," ती लाजत म्हणाली. त्याचा जीव भांड्यात पडला.

थोडं पुढं गेल्यावर ती कळवळली. "सोड की रे... कामून इतकं आवळायलास?"

"मी... मी कुठं धरलोय?"

तिनं त्याच्या खिशांकडं बघितलं. मग दिव्याखाली आपला उजवा हात वर केला, त्याच्यापासून लांबचा. तळव्यावर काळा चिकट लगदा, त्यात किडे.

"मंजू... पूस की रे हे..."

मंजुनाथला ओकारी आली. तो दोन पावलं मागं सरला, आणि ते तिनं बघितलं.

तिच्या मनगटात पाच बोटं अजून रुततच होती.